बाहेरची खेळाडू

मी २०२१ मध्ये अमेरिकेतलं कॉलेज संपवलं तेव्हा डब्ल्यूएनबीएमध्ये, म्हणजे तिथल्या महिलांच्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये, बारा संघ होते आणि एका संघात जास्तीत जास्त बारा खेळाडू. म्हणजे सगळ्या लीगमध्ये मिळून फार तर १४४ जागा. ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ नव्या खेळाडू निवडतात तेव्हा, ३६ मुलींची नावं पुकारली जायची आणि त्यातल्याही कित्येक जणी सराव शिबिरातूनच परत यायच्या, कारण जागा आधीच भरलेल्या असायच्या. मधल्या दर्जाच्या कॉलेज लीगमध्ये बरी खेळलेली, ड्राफ्टच्या कुठल्याच यादीत नाव नसलेली माझ्यासारखी मुलगी तिथे कुठून पोचणार? पण मला खेळायचं होतं आणि खेळून पोट भरायचं होतं. अशा मुलींचा रस्ता युरोपात जातो. माझाही गेला.

भारताचा पासपोर्ट घेऊन या वाटेनं गेलेल्या मुली तेव्हा बोटांवर मोजण्याइतक्याच होत्या. गीतू अ‍ॅना जोस ऑस्ट्रेलियात रिंगवूड हॉक्सकडून खेळल्या आणि २०११ मध्ये डब्ल्यूएनबीए संघांच्या चाचण्यांनाही गेल्या. त्यांच्याबद्दल मिळेल ते वाचत मी वाढले. पण परदेशात व्यावसायिक खेळाडू म्हणून रोजचं आयुष्य कसं असतं, करार कसा होतो, पगार थकला तर दाद कुठे मागायची, यातलं काहीच मला कुणी सांगितलं नव्हतं. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

सुरुवात एजंटपासून होते. फिबा, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघ, एजंटांना परवाना देतो. असा परवाना असलेल्या एका बाईंनी माझे सामने बघायला मागितले. मी मोठ्या मेहनतीनं कापून, जोडून तयार केलेला तीन मिनिटांचा व्हिडिओ पाठवला. त्यांचं उत्तर आलं, "हा नको. पूर्ण सामने पाठव, हरलेलेसुद्धा. बास्केट सगळ्याच करतात. हातात चेंडू नसताना तू काय करतेस ते प्रशिक्षक बघतात." पुढे युरोपात प्रत्येक प्रशिक्षकाच्या बाबतीत हे तंतोतंत खरं निघालं.

त्यांचा दुसरा प्रश्न पासपोर्टचा होता. युरोपातल्या प्रत्येक लीगचे बाहेरच्या खेळाडूंबद्दलचे नियम वेगळे असतात. युरोपीय न्यायालयाच्या १९९५ च्या बॉसमन निकालानंतर युरोपियन युनियनच्या नागरिकांना परदेशी म्हणून अडवता येत नाही, त्यामुळे कोटा उरतो तो बाकीच्यांसाठी. त्यातही आफ्रिका, कॅरिबियन आणि पॅसिफिकमधल्या ज्या देशांनी कोटोनू करार केला, त्यांच्या नागरिकांना काही लीग युरोपीय खेळाडूंसारखंच धरतात. म्हणून आईवडिलांपैकी कुणी नायजेरियाचं किंवा जमैकाचं असेल तर अमेरिकन मुलगी आधी तो पासपोर्ट काढते, मग क्लब शोधते. भारत त्या करारात नाही. म्हणजे एका संघात अमेरिकन मुलींसाठी ज्या दोन-तीन जागा, त्यातलीच एक मला हवी होती. क्लबच्या दृष्टीनं प्रश्न साधा होता: ही जागा एखाद्या अमेरिकन मुलीला न देता हिला का द्यायची?

हंगेरीतल्या एका लहान शहरातल्या क्लबनं ती मला दिली, कारण मी स्वस्त होते आणि लांबून शूट करायचे. पगार महिन्याला हजारापेक्षा थोडे जास्त युरो, राहायला जागा, एक वेळचं जेवण.

करार आला तो इंग्रजीत होता. एजंटबाई म्हणाल्या, "पगाराचा आकडा शेवटी बघ. शेवटचं कलम आधी वाच." शेवटचं कलम असतं लवादाचं. करारातून वाद उद्भवला तर तो जिनिव्हाच्या बास्केटबॉल आर्बिट्रल ट्रायब्यूनलपुढे जाईल, असं त्यात लिहिलेलं असावं लागतं. सगळे त्याला 'बॅट' म्हणतात. फिबानं २००७ मध्ये तो सुरू केला. तिथे एकच लवाद नेमला जातो, कामकाज इंग्रजीत चालतं, बहुतेक वेळा प्रत्यक्ष सुनावणी न होता कागदांवरच निकाल लागतो आणि तो कुठल्या देशाच्या कायद्याच्या बारकाव्यांवर न लावता न्याय्य काय आहे ते बघून लावला जातो. हे कलम नसेल तर ज्या शहरात क्लब त्याच शहरातल्या कोर्टात, तिथल्या भाषेत, तिथला वकील करून भांडावं लागतं. मोसम संपून व्हिसा संपला की ते कोण करणार?

मग बाकीची पानं. पगार निव्वळ आहे की कर कापायचा आहे. हप्त्यांच्या तारखा. हप्ता थकला तर किती दिवसांनी सराव आणि सामने थांबवण्याचा हक्क मिळतो, आणि किती दिवसांनी करार मोडून उरलेला सगळा पगार मागता येतो. जायचं आणि यायचं विमानाचं तिकीट कुणाकडे. घर एकटीचं की वाटून. एजंटचं मानधन क्लब देणार की माझ्या पगारातून जाणार. आणि सगळ्यात महत्त्वाचं, वैद्यकीय तपासणी. पोचल्यावर ठरावीक तासांत ती व्हायलाच हवी, आणि त्यात पास झाल्यावर करार पूर्ण हमीचा. म्हणजे नंतर दुखापत झाली किंवा खेळ आवडला नाही, या कारणांनी पगार तोडता येत नाही. तपासणीला मुदत लिहिलेली नसेल तर क्लब महिनाभर तुमचा खेळ बघतो आणि मग म्हणतो, तपासणीत गुडघा ठीक दिसत नाही.

यासोबत लेटर ऑफ क्लिअरन्स, म्हणजे दुसऱ्या देशात खेळायला मोकळी असल्याचं पत्र, लागतं. शेवटचं ज्या देशात खेळलात तिथल्या महासंघानं ते द्यायचं. माझं शेवटचं खेळणं अमेरिकेतलं, म्हणून पासपोर्ट भारताचा असूनही ते पत्र यूएसए बास्केटबॉलकडून आलं. खेळाडूचा आधीच्या क्लबशी करार अजून चालू आहे, एवढ्या एकाच कारणावर महासंघाला ते अडवता येतं. क्लब रागावलाय, क्लबचे पैसे देणं आहे, असली कारणं चालत नाहीत. हे लक्षात ठेवा, पुढे त्याचा संबंध येणार आहे.

ऑगस्टमध्ये पोचले. दुसऱ्या दिवशी तपासणी. ईसीजी, ट्रेडमिल, रक्त, आणि मग एक वयस्कर डॉक्टर. त्यांनी माझा गुडघा थोडा वाकवला, एका हातानं मांडी घट्ट धरली आणि दुसऱ्या हातानं नडगी स्वतःकडे ओढली. हळू, मग झटक्यानं. नजर गुडघ्यावर नव्हती, समोरच्या भिंतीवर होती. हाड किती सरकतं ते त्यांना बोटांना कळत होतं. मग दुसरा गुडघा, पुन्हा पहिला. बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलींचे आतले लिगामेंट मुलांपेक्षा किती तरी अधिक वेळा तुटतात, त्यामुळे क्लबचा सगळा पैसा त्या दोन बोटांच्या अंदाजावर लागलेला असतो. त्यांनी मान हलवली आणि मी नोकरीला लागले.

पहिल्या आठवड्यात शिट्ट्यांनी जीव खाल्ला. उभ्या उभ्या चेंडू घेतला, खांद्यानं हूल दिली, पाऊल टाकलं, चेंडू जमिनीवर मारला, की ट्रॅव्हलिंग, म्हणजे चेंडू हातात घेऊन चालल्याची चूक. अमेरिकेत ते बऱ्याचदा सोडून देतात. युरोपात टेकूचा पाय उचलण्याआधी चेंडू हातातून सुटलेला असावा लागतो आणि पंच तेच बघत असतात. मग रोज संध्याकाळी रिकाम्या कोर्टवर एकच गोष्ट केली: आधी चेंडू पुढे खाली ढकलायचा आणि मग त्याच्या मागे शरीर न्यायचं. पहिलं पाऊल त्यामुळे लांब पडायला लागलं आणि माझ्या आत घुसण्याला पूर्वी नव्हता तो वेग आला.

फरक बरेच होते. शॉट क्लॉक, म्हणजे शॉट घेण्याची मुदत, २४ सेकंदांचं, कॉलेजमध्ये ३० होतं. आक्रमणात रिबाउंड, म्हणजे हुकलेल्या शॉटचा चेंडू, मिळाला की फक्त १४ सेकंद. शूट केलेला चेंडू एकदा रिंगला लागला की तो कुणीही उडवू शकतं, रिंगवर नाचत असला तरी. आमची सेंटर असे कितीतरी चेंडू रिंगवरून खाली झटकायची. कॉलेजमध्ये हे केलं असतं तर समोरच्या संघाला गुण मिळाले असते. टाइम-आउट फक्त प्रशिक्षक मागू शकतो, खेळाडू नाही. आणि तो एका मिनिटाचा. आमचे प्रशिक्षक हंगेरियनमध्ये बोलायचे. कप्तान माझ्या बाजूला बसायची आणि त्यांचं वाक्य संपायच्या आत कानात इंग्रजीत सांगायची. वेळ पुरायचा नाही. मग मी शब्दांची वाट बघणं सोडलं आणि त्यांच्या फळीवरच्या खुणा वाचायला लागले. गोल म्हणजे आपण, फुली म्हणजे ते, तुटक रेघ म्हणजे पास, शेवटी आडवा दांडा असलेली रेघ म्हणजे स्क्रीन, बचावपटूची वाट अडवून उभं राहणं. एवढी लिपी कुठल्याही देशात चालते.

शिकायला वेळ लागला ती गोष्ट वेगळीच होती. कॉलेजमध्ये तुम्ही चार वर्षं विद्यार्थिनी असता. एक सामना वाईट गेला तर प्रशिक्षक खांद्यावर हात ठेवतो. परदेशी खेळाडू म्हणून आलात की प्रत्येक सामन्यानंतर तुमची किंमत नव्यानं ठरते. सामना संपला की काही मिनिटांत आकडेवारीचा तक्ता लागतो आणि त्यात शेवटच्या रकान्यात एक आकडा असतो, एफिशिअन्सी. गुण, रिबाउंड, असिस्ट, स्टील, ब्लॉक यांची बेरीज आणि त्यातून हुकलेले शॉट आणि टर्नओव्हर, म्हणजे हातचे घालवलेले चेंडू, वजा. अध्यक्ष तो आकडा बघतात, प्रायोजक बघतात, इतर क्लबांचे लोक बघतात. तुम्ही समोरच्या सगळ्यात चांगल्या शूटरला रात्रभर चेंडू मिळू दिला नाही, याला त्या रकान्यात जागा नाही. मला हे फार अन्यायाचं वाटतं, आजही. बचाव मोजता येत नाही म्हणून त्याचा पगार कमी, हा व्यवहार खेळाचं नुकसान करतो.

स्थानिक मुली सुरुवातीला जपूनच बोलायच्या. त्या लहानपणापासून त्याच हॉलमध्ये एकत्र खेळलेल्या, काही शिकत होत्या, काही दिवसा नोकरी करून संध्याकाळी सरावाला यायच्या. त्यांनी कितीतरी परदेशी मुली आलेल्या आणि नाताळपर्यंत गेलेल्या बघितल्या होत्या. जानेवारीत मी परत आले तेव्हा कप्तान म्हणाली, "आता आमच्याकडे जेवायला ये." तोपर्यंत तिनं वाट बघितली होती.

त्या मोसमात हंगेरीत खेळणं हे माझं भाग्य. आमच्याच लीगमध्ये शोप्रोन होतं. ऑस्ट्रियाच्या सीमेलगतचं छोटं शहर, आणि त्या क्लबनं एप्रिल २०२२ मध्ये इस्तंबूलच्या अंतिम सामन्यात तुर्कस्तानच्या फेनरबाचेला हरवून युरोलीग, म्हणजे युरोपातल्या क्लबांची सर्वोच्च स्पर्धा, जिंकली. गॅबी विल्यम्स सर्वोत्तम खेळाडू ठरली. आम्ही त्यांच्याकडून सडकून हरलो होतो, पण मी तो सामना विसरत नाही. गॅबी विल्यम्स बचावात माझ्यासमोर आली तेव्हा मला पास द्यायला रेघच दिसेना. तिचे हात कुठे आहेत ते कळायच्या आत ते चेंडूवर असायचे. अमेरिकेत जन्मलेली, फ्रान्सकडून खेळणारी ही मुलगी. तिच्या पासपोर्टनं तिला युरोपीय केलं, पण तिचा बचाव बघितल्यावर कुठल्याही क्लबनं तिच्यासाठी परदेशी जागा आनंदानं खर्च केली असती.

याच वर्षी वरच्या बाजारात उलथापालथ झाली आणि तिचे धक्के आमच्यापर्यंत आले. त्याआधीची कित्येक वर्षं महिला बास्केटबॉलमधला सगळ्यात मोठा पैसा रशियात होता. येकातेरिनबुर्गचा क्लब तांब्याच्या एका मोठ्या कंपनीचा. २०१५ मध्ये डायना टॉरासीनं डब्ल्यूएनबीएचा मोसमच सोडला, कारण त्या क्लबनं तिला विश्रांती घेण्यासाठी पैसे दिले. तिथला तिचा पगार सुमारे १५ लाख डॉलर असल्याच्या बातम्या होत्या आणि तेव्हा डब्ल्यूएनबीएमधला सर्वाधिक पगार एक लाख दहा हजारांच्याही आत होता. जगातली सर्वोत्तम खेळाडू घरी खेळायला न जाता परदेशी मालकाच्या पैशावर शरीराला आराम देते, यात आमच्या खेळाचं सगळं अर्थकारण आलं. उन्हाळा अमेरिकेत, हिवाळा युरोपात, असं वर्षभर खेळून शरीर मोडतं. ब्रिआना स्टुअर्टचा टाचेमागचा अकिलिस कंडरा २०१९ च्या युरोलीग अंतिम सामन्यात तुटला, आणि तिचा पुढचा डब्ल्यूएनबीए मोसम पूर्ण बुडाला.

फेब्रुवारी २०२२ मध्ये येकातेरिनबुर्गकडून खेळणाऱ्या अमेरिकन ब्रिटनी ग्राइनरला मॉस्कोच्या विमानतळावर अटक झाली. ती डिसेंबरमध्ये कैद्यांच्या अदलाबदलीतून सुटली. त्याच फेब्रुवारीत युक्रेनवर हल्ला झाला आणि रशियन क्लब युरोलीगबाहेर गेले. तिथे खेळणाऱ्या मोठ्या खेळाडू तुर्कस्तानात आणि इतरत्र गेल्या, स्टुअर्ट आणि एमा मीसमन फेनरबाचेला आल्या. वरच्या एक पायरी खाली आल्या की त्या पायरीवरच्यांना आणखी खाली यावं लागतं. उन्हाळ्यात माझ्यासाठी आलेल्या प्रस्तावांत आकडे वाढण्याऐवजी घटले होते. त्यातला एक मी घेतला. तो देश कुठला, क्लब कुठला, ते सांगत नाही. तिथल्या मुली अजून तिथे खेळतात.

मोसम सुरू होऊन थोडेच आठवडे झाले होते. रिबाउंडला उडी मारली, खाली येताना पाय दुसरीच्या बुटावर पडला, घोटा आत वळला. एमआरआयमध्ये बाहेरच्या बाजूचे लिगामेंट फाटलेले. डॉक्टर म्हणाले सहा आठवडे, शस्त्रक्रिया नको. पुढच्याच आठवड्यात मी कुबड्या घेऊन सरावाला गेले तर माझ्या जागेवर एक नवी अमेरिकन मुलगी शूट करत होती. तिचा काय दोष? तिला सांगितलं होतं की जागा रिकामी आहे.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात बोलावलं. टेबलावर दोन पानं, तिथल्या भाषेत. व्यवस्थापक इंग्रजीत म्हणाले, ही फक्त औपचारिकता, विम्यासाठी. मी विचारलं, मला वाचायला नेता येईल का? ते म्हणाले, आत्ताच लागतं. मी दोन्ही पानांचे फोटो काढले, खुर्चीवरून उठले, "मी विचारून सांगते" म्हणाले आणि बाहेर येऊन एजंटबाईंना पाठवले. तासाभरात त्यांचा फोन आला. परस्पर संमतीनं करार संपवल्याचा तो कागद होता. एक महिन्याचा पगार आणि तिकीट घेऊन मी बाकी सगळे हक्क सोडते आहे, असं त्यात लिहिलं होतं. सही झाली असती तर हमीचा करार, बॅटचं कलम, सगळं त्या क्षणी संपलं असतं.

"आता ते तुला त्रास देतील," एजंटबाई म्हणाल्या. "तू रोज हजर राहायचं. एकही सराव चुकवायचा नाही. तू नियम मोडलास असं म्हणायला त्यांना जागा द्यायची नाही."

तसंच झालं. मला संघाबरोबर सराव करायला मनाई झाली. माझी वेळ सकाळी सहाची लावली, एकटीची, कधी हॉल उघडाच नसायचा. गाडीची किल्ली परत मागितली. मी बर्फातून चालत जायचे आणि बंद दाराचा, त्यावरच्या घड्याळासकट, फोटो काढायचे. दार उघडं असेल तर फिजिओनं दिलेले व्यायाम करून तेही लिहून ठेवायचे. फिजिओ संघाचाच होता, त्याला माझ्याशी बोलू नकोस म्हणून सांगितलेलं, तरी तो संध्याकाळी मोबाइलवर पुढच्या आठवड्याचे व्यायाम पाठवायचा. त्याचे उपकार मी मानते. मग पगार थांबला. आधी "बँकेत अडचण", मग "पुढच्या आठवड्यात", मग उत्तरच नाही.

करारात लिहिलेले दिवस उलटले तसं आम्ही लेखी नोटीस दिली. मुदत संपली तशी दुसरी नोटीस: थकबाकी दिली नाही म्हणून मी करार संपवते आहे आणि उरलेला सगळा पगार मागते आहे. घोटा तोपर्यंत बरा झाला होता. सामान बांधून निघाले. तिकीट माझ्या पैशानं.

बॅटकडे जायचं तर आधी पैसे लागतात. अर्जाबरोबर परत न मिळणारं शुल्क असतं. मग लवादाच्या खर्चासाठी आगाऊ रक्कम दोन्ही बाजूंनी निम्मी निम्मी भरायची असते. क्लबनं भरली नाही. समोरच्यानं भरली नाही तर त्याचाही वाटा अर्जदारानं भरायचा, नाहीतर प्रकरण पुढे सरकत नाही. ज्या खेळाडूचा पगार थकलाय, तिनंच दोघांचे पैसे भरायचे. ही सोय मला अजून पटत नाही. हंगेरीतल्या ज्या कप्तानच्या घरी जेवले होते तिनं मी न मागता पैसे पाठवले, घरच्यांनीही दिले. मी भरू शकले. ज्या भरू शकत नाहीत त्यांचे दावे क्लबांच्या खिशातच राहतात.

मग कागद. करार, एमआरआय, नोटिसा, बँकेची विवरणं, आणि ते बंद दाराचे फोटो. क्लबनं उत्तरात म्हटलं की मी सरावाला यायचे नाही. फोटोंवर तारीख आणि वेळ होती. निकाल माझ्या बाजूनं लागला: थकलेला पगार, उरलेल्या महिन्यांचा पगार, व्याज आणि खर्चाचा मोठा भाग. त्या काळात मी दुसरीकडे खेळून काही मिळवलं असतं तर तेवढं वजा झालं असतं.

निकाल लागला तरी पैसे लगेच येत नाहीत. क्लब गप्प बसला. पण बॅटचा निकाल पाळला नाही तर फिबा त्या क्लबला नव्या खेळाडूंची आंतरराष्ट्रीय नोंदणी करू देत नाही, आणि हा फास खरा आवळतो. उन्हाळा सरत आला, नव्या मोसमासाठी त्यांना बाहेरून खेळाडू आणायच्या होत्या, आणि माझ्या खात्यात एके दिवशी सगळी रक्कम व्याजासकट जमा झाली. सोबत एक ओळही नव्हती. मी सगळ्यात आधी कप्तानचे पैसे परत केले.

मधल्या काळात त्याच क्लबनं माझं क्लिअरन्सही अडवून बघितलं होतं. करार चालू आहे, असं त्यांनी कळवलं. मुदतीसकट दिलेल्या नोटिसा जोडल्यावर ते टिकलं नाही. सहा वाजताचे फोटो आणि पोच घेतलेल्या नोटिसा यांच्या जोरावरच मी आज खेळते आहे.

स्पेन मला मानवलं. तिथल्या दुसऱ्या श्रेणीच्या लीगमध्ये, लीगा फेमेनिना चॅलेंजमध्ये, जागा मिळाली. पगार फार मोठा नाही, पण वेळेवर. आठ-आठ तासांचे बसचे प्रवास, गल्लीतल्या ढोलांनी दणाणणारे हॉल, आणि सामन्याला आजीपासून नातीपर्यंत सगळं घर. सालामांकाच्या वुर्झबुर्ग हॉलमध्ये मी प्रेक्षक म्हणून अवेनिदाचा सामना बघितला. त्या क्लबनं २०११ मध्ये युरोलीग जिंकली होती. मंगळवारची रात्र असूनही हॉल भरला होता आणि लोक स्विचवर (बचावपटूंनी आपापसात खेळाडू बदलून घेणं), हेल्पवर (सोबतिणीच्या मदतीला धावणं) टाळ्या वाजवत होते. बचावाला टाळ्या! मला तिथेच राहावंसं वाटलं.

इथल्या प्रशिक्षकांनी माझा खेळ बदलला. परदेशी खेळाडूनं वीस गुण करायलाच हवेत, असा त्यांचा आग्रह नाही. त्यांनी मला स्क्रीनवरून सुटून शूट करायला शिकवलं, तेही पायांपासून. कोपऱ्यातून वर येताना बचावपटूला स्क्रीनवर घासत न्यायचं, इतकं जवळून की माझा खांदा स्क्रीन लावणारीच्या कमरेला लागला पाहिजे. चेंडू हवेत असतानाच आतला पाय रोवायचा, बाहेरचा पाय वळवून आणायचा, आणि चेंडू हातात पडेपर्यंत दोन्ही पंजे रिंगकडे. ६.७५ मीटरची रेघ बघायची नाही, तिच्यामागे आहोत हे पायांना ठाऊक पाहिजे. आंतरराष्ट्रीय कोर्टवर कोपऱ्यात ती ६.६० मीटरवर येते आणि बाजूच्या रेघेपर्यंत जागा जेमतेम ९० सेंटिमीटरची, त्यामुळे तिथे पाय अडखळला तर एकतर दोन गुण नाहीतर चेंडू बाहेर. पॅरिस ऑलिम्पिकच्या अंतिम सामन्यात गॅबी विल्यम्सचा शेवटचा शॉट आत गेला, पण बूट रेघेवर होता. तीनऐवजी दोन गुण मिळाले आणि फ्रान्स ६७-६६ असं हरलं. आमच्या प्रशिक्षकांनी तो व्हिडिओ दुसऱ्या दिवसापासून सरावात लावला आणि आम्ही महिनाभर फक्त पाय बघत होतो.

आता मला सल्ला विचारणाऱ्या मुलींचे निरोप येतात, भारतातूनही. बाजार पुन्हा बदलतोय. डब्ल्यूएनबीएनं २०२० च्या करारात बाळंतपणाच्या रजेत पूर्ण पगार दिला आणि मोसम सुरू व्हायच्या आत परत न येणाऱ्या खेळाडूंवर निर्बंधही आणले. २०२५ मध्ये मायामीत अनरायव्हल्ड ही तीन-विरुद्ध-तीनची लीग सुरू झाली, त्यामुळे मोठ्या खेळाडूंना हिवाळ्यात घर सोडायची गरज कमी झाली. त्याच वर्षी डब्ल्यूएनबीएमध्ये गोल्डन स्टेटचा तेरावा संघ आला. वरच्या मुली घरी राहिल्या तर युरोपातल्या काही जागा मोकळ्या होतील. त्या जागांसाठी भारतीय मुलींनी प्रयत्न करावा असं मला मनापासून वाटतं. उंची हवी, शूट हवा, आणि पूर्ण सामन्यांचे व्हिडिओ हवेत.

गेल्या महिन्यात माझ्या पुढच्या मोसमाच्या कराराचा मसुदा आला. मी त्यात एक ओळ घालायला सांगितली: दुखापतीच्या काळात माझ्याकडून कुठल्याही कागदावर सही घ्यायची असेल तर तो इंग्रजीत असावा आणि वाचायला तीन दिवस मिळावेत. एजंटबाईंना वाटलं, क्लब कुरकुर करेल. क्लबनं ती ओळ जशीच्या तशी घातली आणि संघातल्या दुसऱ्या परदेशी मुलीच्या करारातही तीच ओळ टाकली. तिनं ती मागितली नव्हती. ती बावीस वर्षांची आहे, पहिल्यांदाच घराबाहेर पडते आहे, आणि सोमवारी संध्याकाळी आम्ही दोघी व्हिडिओ कॉलवर तिचा करार पहिल्या पानापासून वाचणार आहोत.